वाचक विचारतात : नाके ओलांडणारा चूजी

प्रश्न : स. न. वि. वि. मी खानापूर तालुक्यातील निवृत्त प्राथमिक शिक्षक आहे. दिवाळीच्या सुट्टीत आलेल्या नातवाने मला एक जुना जपानी मूकपट दाखविला. नायकाच्या कमरेला तलवार होती, पण बराच वेळ तो आपला अधू हात सावरीतच फिरत होता आणि शेवटी तर अंथरुणावरून उठलाही नाही. कथा मधूनच सुरू झाल्यासारखी वाटली. नातू म्हणतो की जपानी समीक्षकांनी या चित्रपटाला एके काळी सर्वश्रेष्ठ ठरविले होते. हा माणूस दरोडेखोर की साधुपुरुष? आणि असा अर्धामुर्धा चित्रपट सर्वश्रेष्ठ कसा ठरला?

उत्तर : गुरुजी, आपल्या वर्णनावरून हा १९२७ साली क्योतो येथे निक्कात्सु या कंपनीने काढलेला ‘चूजी ताबी निक्की’ आहे. मराठीत त्याला ‘चूजीची प्रवासवही’ म्हणता येईल. चूजी हा त्याचा नायक, आणि खरोखर होऊन गेलेला एक टोळीप्रमुख. दिग्दर्शक इतो दाइसुके आणि नायकाची भूमिका करणारे ओकोची देन्जिरो हे दोघेही १८९८ साली जन्मलेले, म्हणजे त्या वेळी तिशीच्या उंबरठ्यावरचे होते. कथा मधून सुरू होते याचे कारण असे की हा मुळात एक चित्रपट नाही. एकाच वर्षात पाठोपाठ निघालेले ते तीन भाग आहेत. त्यांपैकी पहिला पूर्णपणे नष्ट झाला, दुसऱ्याचा काही तुकडा वाचला आणि तिसरा बराचसा शाबूत राहिला. नातवाने आपल्याला दाखविला तो हा उरलेला ऐवज, आणि त्याची लांबी दीड तासाहून थोडी अधिक भरते.

आता सर्वश्रेष्ठपणाविषयी. ‘किनेमा जुन्पो’ या जपानमधील जुन्या आणि वजनदार सिनेमाविषयक नियतकालिकाने १९५९ साली समीक्षकांचा कौल घेतला, तेव्हा आजवरच्या जपानी चित्रपटांत या चित्रपटाला पहिले स्थान मिळाले. गंमत अशी की त्या वेळी चित्रपट पाहायला मिळत नव्हता. तो कायमचा गेला असेच सर्वजण धरून चालले होते आणि मत देणाऱ्यांनी बत्तीस वर्षांपूर्वीच्या आठवणीवर मत दिले होते. पुढे १९९१ च्या डिसेंबरात हिरोशिमात त्याची रिळे सापडली, तोक्योच्या राष्ट्रीय फिल्म केंद्राने ती दुरुस्त केली आणि १९९२ साली लोकांना तो पुन्हा दिसला. तरुणपणी पाहिलेली जत्रेतली कुस्ती म्हातारपणी नेहमीच मोठी होते, हे आपण सर्वजण जाणतो, त्यामुळे १९५९ चा कौल मी सही-शिक्क्याचा दाखला मानणार नाही. तरीही शेवटची वीसेक मिनिटे पाहिल्यावर त्या समीक्षकांना नेमके काय आठवत राहिले असेल, ते कळते.

त्या प्रसंगाविषयी थोडे सविस्तर लिहितो, कारण आपण त्यालाच ‘शेवटी तर उठलाही नाही’ असे म्हटले आहे. चूजीला अर्धांगवायू झालेला आहे. आपल्याकडे ज्याला ‘वारं गेलं’ म्हणतात, तसे. साथीदारांनी त्याला कसेबसे जन्मगावी आणून लपविले आहे. त्याची सोबतीण ओशिना (ही भूमिका फुशिमी नाओए या अभिनेत्रीने केली आहे) पिस्तूल घेऊन त्याची राखण करते आहे, आणि आपल्यातलाच कोणीतरी फितूर झाला आहे, हे तिला ठाऊक आहे. बाहेर शिपायांचे कडे आवळत येते. साथीदार एकेक करून पडतात. आणि ज्याच्या नावाने मुलुख थरथरत होता, तो माणूस अंगावरच्या पांघरुणासह पडून आहे. त्याचे फक्त डोळे हलतात. तलवारपटाचा नायक अखेरच्या लढाईत तलवारच उचलू शकत नाही, ही कल्पना १९२७ साली धाडसाची होती. तोवरचे पडद्यावरचे चूजी आकागी पर्वतावर उभे राहून ऐटीत साथीदारांचा निरोप घेत असत, आणि रंगभूमीवर गाजलेला तो निरोपाचा प्रसंग आजही जपानी माणसाला तोंडपाठ असतो. इतोंनी तो ऐटबाज पुतळा उचलून अंथरुणावर ठेवला.

तिसऱ्या भागाचे जपानी नाव ‘गोयो’ असे आहे. कोणाला पकडायला जाताना शिपाई हीच आरोळी ठोकत. शब्दाचा अर्थ ‘सरकारी काम’ एवढाच आहे. दारावर थाप मारून कोणी ‘सरकारी काम आहे’ म्हणाले की घरातल्यांच्या पोटात कसा गोळा येतो, ते आपल्या गावातल्या लोकांना निराळे समजावून सांगण्याची गरज नाही.

राहिला खरा चूजी. तो १८१० साली कोझुके प्रांतातल्या कुनिसादा गावी जन्मला. हा भाग आजच्या गुन्मा जिल्ह्यात येतो. आडनाव नागाओका, पण लोकांनी त्याला गावाच्याच नावाने ओळखले, जसे आपल्याकडे माणूस गावावरून ओळखला जातो. धंद्याने तो जुगाराचे अड्डे चालविणारा टोळीप्रमुख होता, आणि त्याच्या हातून खून झाले होते, यात शंका नाही. दुसरी बाजू अशी की १८३० नंतरच्या दशकात जो भीषण दुष्काळ पडला, त्यात त्याने उपाशी लोकांना धान्य आणि पैसा दिला, आणि जुगाराच्या उत्पन्नातून गावच्या तळ्यातला गाळ उपसून घेतला, असे सांगितले जाते. विशेष म्हणजे त्याच्याविषयी आदराने लिहिणाऱ्यांत हाकुरा नावाचा शोगुनाचा, म्हणजे त्या वेळच्या जपानच्या लष्करी सत्ताधीशाचा, एक सरकारी अधिकारीही होता. दुष्ट अंमलदाराचा वध करून त्याने रयतेचा सूड घेतला, ही गोष्ट मात्र नाटककारांची आहे. साधुपुरुष तो नव्हता. परंतु भरल्या पोटाच्या साधूपेक्षा गाळ उपसणारा जुगारी लोकांना जवळचा वाटला, तर त्यांना नावे ठेवणे मला जमणार नाही.

त्याला देहदंड झाला, तो खुनासाठी वा जुगारासाठी नव्हे. ओदो येथील सरकारी नाका त्याने शस्त्रांसह जबरदस्तीने ओलांडला होता आणि त्या काळी नाका फोडणे हा देहदंडाचा गुन्हा होता. १८५० साली त्याला पक्षाघाताचा झटका आला, तशाच अवस्थेत तो पकडला गेला, आणि त्या जपानी वर्षाच्या अखेरीस त्याच ओदो नाक्यावर त्याला खांबाला बांधून भाल्यांनी भोसकून मारण्यात आले. तेव्हा त्याने नुकती चाळिशी ओलांडली होती.

हा नाका ध्यानात ठेवा, कारण माझ्या मते चित्रपटाची किल्ली तेथेच आहे. चूजीचा मुलुख अनेक तुकड्यांचा होता : काही गावे थेट शोगुनाच्या अमलाखाली, काही लहानमोठ्या सरदारांच्या, काही देवस्थानांच्या. एका गावात गुन्हा केलेला माणूस ओढा ओलांडून दुसऱ्या धन्याच्या हद्दीत गेला की मागचा शिपाई काठावरच थांबे. रेशमाच्या व्यापारामुळे हातात रोकड खेळत होती आणि पाठलाग करणारा कोणीच नव्हता, तेव्हा जुगाराचे अड्डे फोफावले नसते तरच नवल. शेवटी १८०५ साली शोगुनाने सर्व हद्दी ओलांडण्याचा अधिकार असलेले फिरते अंमलदार नेमले. चूजी आयुष्यभर त्यांच्यापासूनच पळत राहिला. चित्रपटाला ‘प्रवासवही’ हे नाव मिळाले ते उगाच नाही. पहिल्या भागाच्या नावात कोशू प्रांत आहे, दुसऱ्याच्या नावात शिन्शू, आणि तिसऱ्यात तो एचिगो प्रांतातल्या एका मद्याच्या कारखान्यात नाव बदलून कारकुनी करतो. प्रत्येक हद्दीपलीकडे त्याला वाटते की आता सुटलो, आणि प्रत्येक ठिकाणी कोणीतरी त्याला ओळखतो. कारखान्यातल्या त्या अवाढव्य लाकडी पिंपांच्या गर्दीत हिशेब लिहीत बसलेला चूजी मला तलवार चालविणाऱ्या चूजीपेक्षा अधिक खरा वाटतो. मालकाच्या मुलीचा जीव त्याच्यावर जडतो, आणि तेथूनही त्याला उठावेच लागते.


प्रश्न : आम्ही शहापूरचे. आमच्या भागात संगोळ्ळी रायण्णांची गाणी गायिली जातात, पुण्याकडे उमाजी नाईकांची. लोक बंडखोरांना देव का करतात? आणि आपल्या वीरांना या जपानी जुगाऱ्याच्या पंगतीत बसवावे काय?

उत्तर : एका पंगतीत बसवू नये, असेच माझे मत आहे. रायण्णा कित्तूर संस्थानाचे शिपाई होते आणि त्यांची लढाई कंपनी सरकारशी होती. त्यांनी बिडी या गावातली सरकारी कचेरी जाळली ती एका राज्याच्या बाजूने, आणि २६ जानेवारी १८३१ रोजी नंदगड येथे त्यांना फाशी दिली गेली ती परक्या सत्तेकडून. उमाजी नाईकांना ३ फेब्रुवारी १८३२ रोजी पुण्यात फाशी झाली, तेही इंग्रजांशी लढून. चूजीचे भांडण परक्यांशी नव्हते आणि राज्य उलथविण्याचा विचार त्याच्या मनात कधी आला असेल, असे वाटत नाही.

सारखेपणा आहे तो सांगणाऱ्यांत. नंदगडला रायण्णांच्या स्मृतीशी जोडलेल्या वडाला मूल व्हावे म्हणून पाळणे बांधतात, हे आपल्याला ठाऊक आहेच. जपानातही असेच चालते. उमाजींना फाशी झाली त्याच १८३२ साली एदो शहरात, म्हणजे आजच्या तोक्योत, नेझुमी कोझो नावाच्या चोराला मृत्युदंड झाला. हा सरदारांचे वाडे फोडून गरिबांना पैसे वाटी, अशी आख्यायिका आहे. तोक्योतल्या एको-इन देवळात त्याची समाधी आहे, आणि नशीब उघडावे म्हणून लोक तिच्यासमोरच्या दगडाचा कीस खरवडून घरी नेतात. परीक्षेला बसणारी मुलेसुद्धा नेतात. ज्याला कुठल्याही घरात शिरता येत होते, तो आपल्यालाही कुठेतरी शिरवील, असा त्यामागचा भाव. दुसरी खूण म्हणजे फितुरी. रायण्णांच्या गाण्यात आपलीच माणसे त्यांना पकडून देतात आणि चूजीच्या कथेतही घरभेदी असतोच. नायक शत्रूच्या ताकदीने हरला, हे सांगणाऱ्याला मान्य नसते. तो आपल्याच माणसाने हरविला, हे मात्र चालते.

आपण शहापूरचे आहात म्हणून एक गोष्ट जोडतो. १९४७ पूर्वी शहापूर सांगली संस्थानात होते आणि शेजारचे बेळगाव इंग्रजांच्या अमलाखाली. पेठ एकच, बोली एकच, पण मधल्या रस्त्याच्या दोन बाजूंना दोन सरकारे. त्यांच्या आजूबाजूला कोल्हापूर, जमखंडी, सावंतवाडी ही संस्थाने आणि घाट उतरला की पोर्तुगीज गोवा. १८४४-४५ च्या बंडात सावंतवाडीचे फोंड सावंत इंग्रजांच्या हातून निसटून गोव्यात गेले, ते याच सोयीने. चूजीचा कोझुके प्रांत डोळ्यांपुढे आणायला आपल्याला जपानचा नकाशा लागत नाही. आजही महाराष्ट्र आणि कर्नाटक या दोन राज्यांत तणाव झाला की एसटी सीमेवरच्या कोगनोळीच्या अलीकडे उभी राहते आणि प्रवासी पिशव्या घेऊन चालत नाका पार करतात. हद्दीवर राहणाऱ्या माणसाला ती कशी ओलांडावी, हे कळावेच लागते. त्या ओलांडण्याला कायदा कधी व्यापार म्हणतो, कधी चोरी, कधी बंड. ते ज्याच्या हाती शिक्का असेल, त्याच्यावर अवलंबून असते.


प्रश्न : चित्रपटात आवाजच नव्हता, तर खेड्यापाड्यातल्या निरक्षर माणसाला तो कळत कसा असे? (एक वाचक, निपाणी)

उत्तर : आवाज नव्हता असे म्हणणे तितकेसे बरोबर नाही. जपानात पडद्याच्या बाजूला मेज मांडून एक निवेदक उभा राहत असे. त्याला ‘बेन्शी’ म्हणत. तो पडद्यावर येणाऱ्या मजकुराच्या पाट्या वाचून दाखवी, सर्व पात्रांचे संवाद आवाज बदलून म्हणे, मध्येच आपल्या पदरचे भाष्य करी, आणि खाली बसलेले वादक शामिसेन हे जपानी तंतुवाद्य आणि विलायती वाद्ये एकत्र वाजवीत. प्रसिद्ध बेन्शींच्या नावावर तिकिटे खपत. अनेकदा लोक चित्रपट कोणता आहे, यापेक्षा आज कोण बोलणार आहे, हे विचारून आत जात. १९२७ च्या सुमारास त्या देशात जवळजवळ सात हजार बेन्शी होते आणि त्यांत काही स्त्रियाही होत्या. बोलपट आल्यानंतरही जपानात मूकपट १९३५ च्या आसपासपर्यंत निघत राहिले, यामागे या मंडळींचे वजन हेही एक कारण होते. अखेर नोकऱ्या गेल्या, संप झाले, आणि काहींचे फार वाईट झाले. पुढे जगप्रसिद्ध झालेले दिग्दर्शक अकिरा कुरोसावा यांचा थोरला भाऊ बेन्शीच होता, त्याने १९३३ साली आत्महत्या केली.

निपाणीकरांना बेन्शी समजायला फार लांब जावे लागणार नाही. आंबोली घाट उतरून कुडाळजवळच्या पिंगुळीला गेलात, तर तेथील ठाकर समाजातील चित्रकथी हेच करतात : चित्रांचे एकेक पान समोर धरायचे, वीणा, हुडूक आणि टाळांच्या साथीवर कथा गायची, आणि चित्रातल्या सर्व पात्रांची बोलणी एकट्यानेच म्हणायची. जपानातही बौद्ध भिक्षू देवळांत चित्रपट्ट दाखवून कथा सांगत आणि बेन्शीचे मूळ काही अंशी त्या परंपरेत शोधले जाते. पान हलू लागले, एवढाच काय तो फरक. म्हणून नातवाने दाखविलेला नि:शब्द चित्रपट म्हणजे बुवांशिवाय नुसता मृदंग ऐकल्यासारखा आहे. आजही जपानात थोडे बेन्शी आहेत आणि त्यांच्या निवेदनासह काही मूकपट पाहायला मिळतात; मिळाला तर तसाच पाहावा.

एक भर घालतो. इतो दाइसुके यांचा कॅमेरा सारखा धावत असे, त्यामुळे त्यांच्याच नावावर कोटी करून लोक त्यांना ‘इदो दाइसुकी’ म्हणत, म्हणजे ‘हलण्याची भारी आवड’. शेवटच्या प्रसंगात मात्र नायक निश्चल आणि भोवतालचे सारे जग धावते आहे, हे त्या टोपणनावासह पाहिले की अधिक बोचते.


प्रश्न : याच दिग्दर्शकाचे आणखी काय पाहावे? आणि आपल्या कोल्हापूरच्या मूकपटांचे काय झाले? (अथणी)

उत्तर : इतो आणि ओकोची या जोडीने १९३१ साली नेझुमी कोझोवर काढलेला मूकपट जवळजवळ पूर्ण उपलब्ध आहे, तो पाहावा. कोल्हापूरचे उत्तर दु:खद आहे. बाबूराव पेंटरांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीचा १९२५ चा मूक ‘सावकारी पाश’, ज्यात तरुण व्ही. शांताराम सावकाराच्या फासात जमीन गमावून शहरात गेलेला शेतकरी झाले होते, आज कोणालाही पाहता येत नाही. जपानात भूकंप, बॉम्बहल्ले आणि दुर्लक्ष, आपल्याकडे आगी, दमट हवा आणि पुन्हा दुर्लक्ष. शिवाय फिल्ममधली चांदी काढण्यासाठी जुनी रिळे विकली गेली, ती वेगळीच.

पण चूजी ज्या अर्थी चौसष्ट वर्षांनी सापडला, त्या अर्थी एक विनंती करून ठेवतो. आपल्या भागात जत्रेजत्रेतून टुरिंग टॉकीज फिरत असत. एखाद्या जुन्या वाड्याच्या माळ्यावर पत्र्याचे गोल डबे सापडले, तर ते भंगारात घालू नयेत आणि कुतूहलापोटी प्रोजेक्टरवर चढवूही नयेत. त्या काळची फिल्म नायट्रेटची असे. ती सहज पेट घेते, आणि एकदा पेटली की पाण्याखालीसुद्धा जळत राहते, कारण जळायला लागणारा प्राणवायू तिच्यातच असतो. फिल्म चिकट झाली असेल, तिला उग्र वास येत असेल किंवा तांबूस भुकटी पडली असेल, तर ती कुजू लागली आहे असे समजावे. डबे उन्हापासून, चुलीपासून आणि विजेच्या दिव्यापासून दूर, वारा खेळेल अशा थंड जागी ठेवावेत, प्लास्टिकच्या पिशवीत गच्च बांधू नयेत, वरचे कागद आणि लेबले फाडू नयेत, आणि पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाला, जे १९६४ पासून हेच काम करीत आहे, ताबडतोब पत्र टाकावे.